कानाला नाही, छातीला ऐकू आलेलं हैदराबाद

लोक हैदराबादला चारमिनार बघायला जातात, बिर्याणी खायला जातात. मी माझ्या बहिणीला तिच्याच घरातून उचलून आणायला गेल्तो. येऊन महिना होत आला तरी राग उतरला नाही. कुणाकुणाचा राग ते सांगतो. यादीत पहिलं नाव माझंच आहे. आधी मला शिव्या द्या, मग बाकीच्यांकडं वळा.

माझं शिक्षण विचारू नका. चौथीत मास्तरनं मला आणि मी मास्तरला एकाच दिवशी सोडलं. मी बोलतो तसं पुतणीनं लिहून घेतलंय, त्यामुळं कुठं शुद्ध दिसलं तर ती तिची चूक. देगलूरच्या अलीकडं आमचं गाव, तिथं माझी साउंड सर्व्हिस आहे. लग्न, वरात, जयंती, कुणाचा सत्कार, काही असू द्या. बेसचे मोठे डबे, म्हणजे स्पीकर, आहेत. ते लावले की म्हशी दूध चोरतात आणि म्हातारी माणसं माझ्या नावानं बोटं मोडतात. मला आजवर ते कौतुकच वाटायचं.

सुमन अक्का माझी थोरली बहीण. लग्न होऊन हैदराबादच्या तारनाक्याला गेली त्याला पस्तीस-चाळीस वर्षं झाली. दाजी रेल्वेच्या कारखान्यात होते. रिटायर व्हायच्या आधी घर बांधलं, तीन वर्षांमागं वारले. घरात आता अक्का, तिचा मुलगा मिलिंद आणि सून प्रज्ञा. मिलिंद ऑफिसात साहेब आहे, प्रज्ञा दवाखान्यात लॅबमध्ये आहे.

दिवाळीच्या आसपास अक्काचा फोन आला. हळू आवाजात म्हणली, "सिदू, माझ्या खोलीत कुणीतरी हाय." मी म्हणलं, म्हातारा असंल तर चहा विचार, तरुण असंल तर माझ्या मेव्हणीसाठी बघ. आणि हसलो. एकटाच हसलो. तिनं फोन ठेवला आणि पुन्हा तो विषय काढला नाही. माझा जोक एवढा चांगला बसला की बहिणीचं तोंडच बंद झालं.

मग मिलिंदचा फोन. मामा, आईची तब्येत बरोबर नाही, तुम्ही गुरुवारी या आणि रविवारी तिला गावाकडं घेऊन जा, परतीची दोन तिकिटं काढून ठेवलीत. किती दिवसांसाठी, तर म्हणला बघू. आणि शेवटी हळूच म्हणला की आईला अजून सांगितलेलं नाही, ते तुम्ही सांगा.

गुरुवार, तारनाका

सकाळी पोचलो. प्रज्ञानं पेसरट्टू केल्ता, म्हणजे मुगाचा हिरवा डोसा, आत उपमा भरलेला. डोशात उपमा भरणारी माणसं पहिल्यांदाच बघितली. आमच्याकडं दोन्ही एका दिवशी केलं तर बायको विचारते की पाहुणे येणारेत का. मी तीन खाल्ले, मग कळलं की प्रज्ञाचाही वाटा त्यातच होता. दुपारी अंबाडीची भाजी. इथं तिला गोंगूरा म्हणतात आणि भातावर तेल ओतून खातात. आपली भाकरी मागितली तर अक्का म्हणली, "हितं भात संपला की वरून भातच वाढतेत." त्या दिवशी ती हसली. बरी दिसली. मला वाटलं पोरानं उगं बाऊ केलाय.

पण वाळलेली होती. हातातल्या बांगड्या कोपरापर्यंत सरकत होत्या. काय होतं विचारलं तर म्हणली गॅस. ओट्यावर गॅसच्या गोळ्यांची पाकिटं बघितली. मेडिकलवाल्याकडं पण एवढी नसतील.

संध्याकाळी मिलिंदनं मला गच्चीवर नेऊन फोनमधली यादी दाखवली. डॉक्टरनं सांगितलं म्हणून त्यानं आईचे वाईट दिवस लिहून ठेवले होते. त्या दिवशी तिला धाप लागते, छातीवर दगड ठेवल्यासारखं होतं, खोलीत कुणी उभं आहे असं वाटतं (हे तिनं दिवाळीनंतर डॉक्टरनं खोदून विचारल्यावर सांगितलं), डोळ्याच्या कडंला करडं काहीतरी हलतं, आणि रडू येतं. सव्वा वर्षापासून चाललंय. घराच्या मागच्या भिंतीला लागून एक फंक्शन हॉल आहे. ज्या दिवशी तिथं लग्न असतं त्याच दिवशी आईला त्रास होतो, हे पोरानं बरोबर ताडलं होतं. हुशार आहे. हुशार माणूस चुकला की कसा चुकतो बघा. म्हणला, "लग्न बघून तिला पप्पांची आठवण येते, मामा. भूत तर नसतंच. म्हणजे प्रॉब्लेम आईच्या डोक्यात हाय."

आता हे आमच्या घरातलं सांगायला पाहिजे. आम्ही बौद्ध माणसं. दाजी तर फार कडक. बावीस प्रतिज्ञा फ्रेम करून बैठकीत लावलेल्या, भुताखेताचं नाव या घरात काढायचं नाही. चांगलंच आहे ते. अंगारे-धुपारे, उतारे, बाबा-महाराज या घराच्या उंबऱ्यावर कधी आले नाहीत. पण त्यातून एक भलतंच झालं. अक्काला खोलीत कुणीतरी आहे असं वाटायला लागलं, तर ते बोलायची तिला लाज वाटायला लागली. मेलेल्या नवऱ्याला काय वाटंल. म्हणून ती वर्षभर गॅस म्हणत राहिली. आणि ज्या दिवशी पहिल्यांदा धीर करून खरं बोलली, त्या दिवशी फोनवर मी होतो.

तिकिटाचं मी त्या दिवशी बोललो नाही. बोलणारच होतो, पण तिनं ताटात भाजी वाढली.

शुक्रवार, अक्काची खोली आणि सुलतान बाजार

मागं लग्न होतं. सकाळपासून गल्लीत गाड्या, प्रज्ञाला स्कूटी काढता येईना. अक्का स्वयंपाकघरात बसून राहिली, खोलीत गेली नाही. मी म्हणलं मी झोपतो तिकडं, प्रवासाचा शीण आहे.

खोली चांगली. पलंग, खुर्ची, आरशाचं लोखंडी कपाट, आणि मागच्या भिंतीत वर एक बारकी खिडकी. शांत. बँड अजून आला नव्हता, एवढं शांत की मला बरं वाटंना. दहा मिनिटांत मानेवरचे केस उभे राहिले. कपाटाजवळ कुणीतरी उभं होतं. वळून बघितलं की नव्हतं, सरळ बघितलं की कडंला पुन्हा उभं. पन्नाशीचा बाप्या मी, आणि मला माझी आई आठवून रडायला यायलंय. तोंडातून आपोआप बुद्धं सरणं सुरू झालं, ते चांगलं. पण दुसऱ्या ओळीनंतर लहानपणी आजीनं शिकवलेला खंडोबा मध्येच घुसला. दोघांनाही एकदमच हाका मारत मी खोलीतून निघालो, ते लुंगी एका हातात धरून.

अक्का म्हणली, काय झालं. आणि मी, तिचा सख्खा भाऊ, तिच्यासारखाच भोग भोगून दारात उभा असलेला, तिला काय म्हणलो? म्हणलं, "गॅस झाला."

तिनं माझ्याकडं बघितलं. गोळीचं पाकीट पुढं केलं.

ती गोळी मी गिळली. त्या गोळीचा राग मला अजून येतो. इथं खरं म्हणजे मी मोठा माणूस होऊन सांगायला पाहिजे होतं की अक्का, मलापण झालं. पण मर्द ना मी, साउंडवाला. तोंड धुवायला गेलो, आणि तिथं नळाखाली डोक्यात उजेड पडला. खोलीतल्या आरशात माझं तोंड थरथरत होतं. मला वाटलं मी भ्यालोय म्हणून. पण मी भ्यालो तर आरशाच्या कडंचं कपाटाचं पत्र्याचं दार कशाला थरथरंल?

परत आत गेलो. एकटा गेलो नाही, प्रज्ञाला सोबत घेतलं, ती बिचारी दवाखान्याला उशीर करून आली. तिला खोलीत काहीच होत नव्हतं. काहींना होत नाही. आरशावर तळहात ठेवला. चालू डब्याच्या पडद्यावर हात ठेवल्यावर लागतं तसंच हाताला लागलं. आवाज काही नाही, नुसता हादरा.

मला हे माहीत होतं हो. डबे विकणाऱ्या एका माणसानं मला कधीच सांगितलं होतं. सेकंदाला वीसच्या वर हेलकावे असले तर कान ऐकतो, त्याच्या खाली गेलं की कान हात वर करतो. पण छाती ऐकते, पोट ऐकतं, डोळ्याचं बुबुळ पण हलतं म्हणे. अंगाला कळतं की काहीतरी मोठं जवळ आलंय, आणि कान सांगतो की कुणी नाही. मग बाकीचं डोकं जुळवून घेतं. आणि मी हे धंद्यात वापरलंय. वरातीत लोक थंड पडले की मी बेस पार खाली सोडतो, अंगावर काटा येतो, बायका रडतात, आणि नवरीचा बाप येऊन म्हणतो काय मस्त गाणं लावलं. गाण्याचं त्यात काही नसतं. मी लोकांच्या छातीत हात घालून पोट भरतो, आणि तोच हात माझ्या बहिणीच्या छातीवर पडला तेव्हा मला ओळखू आला नाही.

मागं जाऊन बघितलं. हॉलला सव्वा वर्षामागं नवीन एसी बसवलाय. त्याचा हवा फेकायचा पंखा, बैलगाडीच्या चाकाएवढा, पत्र्याच्या भोंग्यात बसवलेला, आणि भोंग्याचं तोंड अक्काच्या खिडकीकडं. रिकाम्या बाटलीच्या तोंडावर फुंकर मारल्यावर बाटली घुमते ना? अक्काची खोली म्हणजे बाटली. तशी घुमत होती, फक्त कानाला न कळणाऱ्या सुरात.

पण हे मिलिंदला सांगून उपयोग नव्हता. तो साहेब माणूस, त्याला आकडा लागतो. म्हणून सुलतान बाजार. बाजाराच्या मागच्या गल्ल्यांत साउंडवाल्यांची दुकानं आहेत. साड्यांच्या आणि पुस्तकांच्या गर्दीतून वाट काढत एका म्हाताऱ्या रिपेअरवाल्याकडं गेलो. त्याला म्हणलं अठरा इंची बेसचा बंद डबा पाहिजे, दोन दिवसांसाठी, आणि वाजवायचा नाही. त्यानं चष्म्यावरून बघितलं. डबा नेऊन वाजवायचा नाही म्हणणारा गिऱ्हाईक त्याला पहिल्यांदाच भेटला असंल. मी सांगितलं, बहिणीच्या खोलीत मांडायचा आणि वायरीला मीटर लावायचं. आवाज असंल तर पडदा आपोआप हलंल आणि वीज तयार होईल. म्हाताऱ्यानं एका डब्यावरची धूळ पुसली. मग म्हणला, "मियाँ, जो सुनने में नै आता, वो सीधा दिल पे बैठता. ले जाओ." माझं आधार कार्ड ठेवून घेतलं, फोटो बघून हसला आणि इराणी चहा पाजला.

डबा ऑटोत शिरंना. शेवटी डबा सीटवर आणि मी अर्धा बाहेर, एका पायावर. ऑटोवाला विचारत होता की तिजोरी हाय का. नारायणगुड्याच्या पुढं माझी एक चप्पल पडली. थांब म्हणलं तर म्हणला, नक्को चाचा, पीछे बस है. तारनाक्याला एका चपलेनं उतरलो.

शनिवार, पुन्हा तीच खोली

मागं पुन्हा लग्न. प्रज्ञा हॉलच्या एसीवाल्याला भेटून आली. मुहूर्ताच्या आधी जाळी साफ करायला तो पंखा दोनदा बंद करणार होता. कधी ते अक्काला सांगायचं नाही असं आम्ही ठरवलं. तिला खुर्चीवर बसवलं, तोंड भिंतीकडं. डबा पलंगाच्या पायथ्याशी, वायर दाराबाहेर, दाराबाहेर मी, मिलिंद आणि मीटर. डबा कशालाच जोडलेला नव्हता, तरी मीटरवर विजेचा आकडा, मिलिव्होल्टमधला, चाळिसाच्या आसपास नाचत होता. मिलिंदनं स्वतः वायर तपासली.

अक्काला एवढंच सांगितलं होतं की वाटंल ते बोल. ती म्हणली, "हाय."

आम्ही थांबलो. मग आकडा घसरला. तीस, बारा, दोन. पंखा थांबला होता, पण गल्लीतला बँड, हॉर्न, सगळा गोंगाट तसाच होता. कानाला काहीच फरक नव्हता. आतून अक्कानं मोठा श्वास सोडला, पाण्यातून डोकं वर काढल्यासारखा.

"गेला," ती म्हणली.

थोड्या वेळानं आकडा चढला. तिनं मान हलवली. "आला." पुन्हा बंद, पुन्हा गेला. एकदाही चुकली नाही.

मिलिंद मीटरकडं बघत राहिला. मला वाटलं आता आईच्या पाया पडंल. तो म्हणला, "मामा, मीटर खराब नसंल ना?"

अक्का खुर्चीवरून उठून दारात आली. ही माझी बहीण, लहानपणी मला मारकुट्या गायीपासून वाचवलेली, तिला एवढं चिडलेलं मी कधी बघितलं नव्हतं. आवाज चढवला नाही. म्हणली, "मी तोंडानं सांगितलं तर तुला खोटं. ह्या लाकडाच्या डबड्यानं सांगितलं तर खरं. मी तुझी आई, का हे?"

मग माझ्याकडं वळली. "आणि तू. तुलाबी झाल्तं ना काल? मला गॅस म्हणलास."

मी सवयीनं काहीतरी जोक करायला तोंड उघडलं. मग मिटलं. पुतणी विचारते की मग काय म्हणलास काका. काही नाही म्हणलो. तेवढंच एक शहाणपण त्या चार दिवसांत केलं. आणि मग उभ्या-उभ्या तिकिटाचंपण सांगून टाकलं, की मी तुला न्यायला आलोय. ती म्हणली, माहीत हाय, प्रज्ञानं बुधवारीच सांगितलं होतं. तुम्ही दोघं बाप्ये कधी सांगताव ते बघायले होते.

रविवार, फंक्शन हॉल

हॉलचा मॅनेजर सीनूगारू, गारू म्हणजे आपल्याकडचं राव. गोरा, गुळगुळीत, खिशात दोन फोन. बोलायला फार गोड. आवाज कुठंय म्हणला. एका फोनमध्ये आवाज मोजायचं ॲप होतं, ते त्यानं अक्काच्या खोलीतच लावून दाखवलं. ॲपला लग्नाच्या गोंगाटापलीकडं काही ऐकू आलं नाही, ते कानासारखंच बनवलेलं. म्हणला, अम्मा, कायदा ऐकू येणाऱ्या आवाजाचा असतो. कंप्लेंट कशाची करणार, शांततेची? आणि हसला. ते हसणं मला ओळखीचं होतं. दिवाळीला फोनवर मीच तसं हसलो होतो. म्हणून जास्त चीड आली. मी मराठीत दोन शिव्या दिल्या. त्याला त्या बरोबर कळल्या, हैदराबादला शिव्या सगळ्या भाषांतल्या कळतात.

अक्कानं मला मागं सारलं. सीनूगारूला तेलुगूत म्हणली की बसा, चहा करते, तोपर्यंत इथंच बसा. आम्हाला बाहेर काढून दार ओढून घेतलं. मागं लग्न जोरात, पंखा चालू. चहाला तिनं मुद्दाम वेळ लावला. आलं किसलं, दूध आटवलं, साखर विसरल्यासारखं करून डबा शोधला. पाव तास तरी गेला असंल.

दार उघडलं. सीनूगारू बसलेला होता. म्हणला काही नाही अम्मा, थोडं उकडतं, पंखा लावा छताचा. कपाळ पुसलं. चहा उभ्यानंच प्यायला लागला. अक्का म्हणली, कप होईपर्यंत तरी बसा अजून. नको म्हणला, हॉलवर काम आहे. बसा म्हणली. नको म्हणला, आणि दाराबाहेर येऊन प्यायला.

तेव्हा आमचं खुर्चीकडं लक्ष गेलं. आम्ही बाहेर पडलो तेव्हा ती खिडकीकडं तोंड करून होती. आता पाठ पार भिंतीला टेकलेली, तोंड खोलीकडं. मागून कुणी यायला नको अशी.

"पहिल्या दिवशी मीबी अशीच फिरवली होती," अक्का म्हणली. त्याला तेलुगूत पुन्हा सांगितलं. त्यानं मान वळवून खुर्चीकडं बघितलं.

तरी तो कबूल झाला नाही. भोंगा वळवायचा तर मालकाला विचारावं लागंल, मुहूर्त संपल्यावर बघू. अक्का म्हणली, बघा. तोपर्यंत ज्या-ज्या दिवशी पंखा चालू, त्या दिवशी मी तुमच्या हॉलात येऊन बसणार. तिथं हवा गार असते आणि भोंग्याचं तोंड माझ्याकडं नसतं. पहिल्या रांगेत बसणार. आणि कुणी विचारलं कुणाकडच्या, तर सांगणार मागच्या खोलीतली हाय, का आले ते ऐका.

मी संध्याकाळच्या बसनं एकटाच आलो. बाजूच्या सीटवर एक माणूस बिदरपर्यंत माझ्या खांद्यावर झोपला.

ती बोलल्याप्रमाणं करायली. इस्त्रीची साडी नेसून जाते, पहिल्या रांगेत बसते. नवऱ्याकडच्यांना वाटतं नवरीकडची, नवरीकडच्यांना वाटतं नवऱ्याकडची, दोन्हीकडून पाया पडून घेते आणि विचारलं की सगळं सांगते. दोन पार्ट्यांनी सीनूगारूला जाब विचारला म्हणे. मागच्या आठवड्यात मिस्त्री येऊन भोंगा मोजून गेलाय. मोजून गेला म्हणजे वळवला नाही, त्यामुळं अजून ती जातेच.

हे मला प्रज्ञा फोनवर सांगते. परवा म्हणली, आज मिलिंदनं सुट्टी टाकली. सकाळी चहा पिताना त्यानं आईला विचारलं, "हाय का आज?" आई म्हणली, हाय. त्यानं मीटरचं नाव काढलं नाही. उठला, चांगला शर्ट घातला, आणि तिच्यासोबत हॉलात जाऊन बसला.